सव्वातीन मिनिटं

गुरुवार, रात्री उशिरा

एचएमव्ही या तबकड्यांच्या कंपनीत गाणी मुद्रित करून घेणाऱ्या जी. एन. जोशींचं काम नेमकं काय होतं, ते कळायला ७८ची (मिनिटाला ७८ फेरे घेणारी) तबकडी लावून समोर घड्याळ ठेवावं. दहा इंची तबकडीची एक बाजू साधारण सव्वातीन मिनिटांची. अडीचशे फेरे झाले की सुई लेबलाशी. विलंबित, म्हणजे संथ, एकतालाचं एक आवर्तनच (तालाचा एक पूर्ण फेरा) मिनिटभर खातं, मग ख्याल मावायचा कुठे? लय चढी घ्यायची, आलाप दोन-चार स्वरवाक्यांत आटपायचा, अंतरा निम्मी बाजू संपायच्या आत. हे खाँसाहेबांना सांगायचं कोणी? हिशेबनीस सांगून चालत नाही. ना. घ. देशपांडे यांची ‘शीळ’ ही कविता गाऊन नावारूपाला आलेला, वकिली शिकलेला माणूस त्या खुर्चीत होता, हे कंपनीचं भाग्यच म्हणायचं.

मेणाच्या चकतीवर मुद्रण व्हायचं तेव्हा चूक पुसायची सोय नव्हती. ती चकती वाजवून पाहिली की चर, म्हणजे सुईची कोरलेली वाट, खराब, म्हणजे जे काही ठरवायचं ते गाणं चालू असतानाच कानाने. गवयाने तानेच्या भरात मान वळवली की मुद्रणात आवाज क्षीण होतो. तबल्याची थाप जोरात पडली तर चर शेजारच्या चरात घुसतो आणि घरोघरी सुई तिथेच अडकते. टेप आल्यावर ब्लेडने कापून जोडता येऊ लागलं, पण तासाभराच्या अंतराने घेतलेले दोन तुकडे जोडले तर तंबोरा उतरलेला ऐकू येतो. जोड समेवर, आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर, घ्यावा, म्हणजे ठोक्याखाली झाकला जातो.

पुढे आलेल्या एलपीने, म्हणजे लाँग प्ले तबकडीने, एका बाजूला वीसेक मिनिटं दिली. अमीर खाँसाहेबांचा एका बाजूला मारवा, दुसऱ्या बाजूला दरबारी, हे त्यामुळेच जमलं. पण एलपीची खोड निराळी. मिनिटाला फेरे तेवढेच, परीघ मात्र आत जाता जाता आक्रसतो. शेवटच्या चरात सुईखालून सरकणारी लांबी पहिल्या चराच्या निम्म्याहूनही कमी, त्यामुळे वरचे स्वर तिथे चरचरतात. आणि आपल्या संगीतात द्रुत लय, वादनातला जलद ‘झाला’, तार सप्तक सगळं येतं शेवटी! त्यात बाजू पंचवीस मिनिटांवर ताणली की चर दाटीने कापावे लागतात, आवाज खाली आणावा लागतो आणि मग तबकडीची खरखर वर येते. कलावंताला ‘आणखी पाच मिनिटं’ नाकारण्यामागे असं गणित असतं. त्याला तो व्यापारी कोतेपणा वाटतो.

जोशींनीच घडवलेल्या ‘कॉल ऑफ द व्हॅली’ या एलपीकडे (१९६७) या नजरेने पाहावं. संतूरवर शिवकुमार शर्मा, गिटारवर ब्रिजभूषण काबरा, बासरीवर हरिप्रसाद चौरसिया, तबल्यावर माणिकराव पोपटकर. एकच राग बाजूभर ताणलेला नाही. मेंढपाळाचा दिवस: सकाळचे अहिर भैरव, नट भैरव बारा मिनिटांच्या आसपास, पुढचे तुकडे त्याहून आखूड, आणि अगदी आतल्या चरांत पहाडी.