ते भात आणि तो भात

पैसे मोजून भातलावणी बघायला गेलेली आमच्या कुळातली मी पहिलीच असणार. माझं आजोळ चिपळूणजवळ. आषाढात लावणी सुरू झाली की मामी सगळ्या पोरांना हाका मारायची आणि मी हमखास पोटमाळ्यावर गोष्टीच्या पुस्तकात तोंड खुपसून बसलेली असायची. ढोपरभर चिखल, डोक्यावर इरलं, दिवसभर वाकून कंबरेचा काटा ढिला, आणि आठवडाभरात पायाच्या बेचक्यांत चिखल्या. नको ते. तीच मी पंचेचाळीस वर्षांनी इंडोनेशियात, जावा बेटावरच्या जोगजा शहराबाहेर सकाळी सात वाजता हेल्मेटचा पट्टा हनुवटीखाली आवळत उभी होते. (नकाशावर योग्यकर्ता. तिथे मात्र सगळे जोगजाच म्हणतात.) वीस किलोमीटरची सायकलफेरी, चार-पाच गावं, नाश्ता धरून.

आदल्या रात्री मामाला फोनवर सांगितलं तेव्हा तो जरा वेळ गप्पच होता. मग म्हणाला, "इथे लावायला माणूस मिळत नाही, नि तू तिथे बघायला पैसे देत्येस?" त्याची खालची दोन खाचरं चार वर्षं पडीक आहेत. मी विषय बदलला.

सायकल येते, हे मी आत्मविश्वासाने लिहून दिलं होतं. पुण्यात वाढलेल्या माणसाला सायकल येते का हे विचारणं म्हणजे अपमानच. तासाच्या भाड्याची सायकल आणून, दांड्याखालून पाय घालून, दोन्ही ढोपरं फोडून घेत आम्ही शिकलो. फक्त ते शिकल्यानंतर मी स्कूटर घेतली, हे लिहायला फॉर्मात जागा नव्हती. पहिल्या वळणाला मी थेट केळीच्या बुंध्यावर गेले. आमचा वाटाड्या पंचविशीतला, हसरा. तरुण माणसाला तिथे 'मास' म्हणतात, आपल्या दादासारखं. त्याने सायकल उचलली, हँडल सरळ केलं आणि म्हणाला, "पेलान-पेलान, बू." हळूहळू, बाई. 'बू'मध्ये आई, बाई, मॅडम असं सगळं येतं, त्यामुळे नक्की कोण म्हणून सांभाळून घेतलं हे कळत नाही. जावाच्या भाषेत सायकलला 'पीत' म्हणतात. आमच्याबरोबर एक डच जोडपं होतं. हा 'पीत' म्हणजे आमचाच 'फीत्स', असं त्यातल्या बाई म्हणाल्या तेव्हा त्यांचा चेहरा जरा अवघडला. साम्राज्य गेलं, सायकल राहिली. गावात अजून जुन्या उंच डच धाटणीच्या काळ्या सायकली दिसतात, 'ओंथेल' म्हणतात त्यांना, आणि त्यावर सत्तरीचे आजोबा मागे गवताचा भारा बांधून आम्हाला सहज मागे टाकून जात होते.

जावा आकाराने महाराष्ट्राच्या निम्म्याहून लहान, आणि माणसं पंधरा कोटींच्या वर. त्यामुळे गाव संपलं नि शेत लागलं असं तिथे नीट होतच नाही. भिंतीला खाचर, खाचराला मशीद, मशिदीला शाळा, शाळेला पुन्हा खाचर. पोरं बांधावरून "हॅलो मिस्टर!" ओरडत होती. बाईलाही मिस्टरच. दहा मिनिटांत मी 'मिस्टर'लाही ओ द्यायला लागले.

पण खरी चकित झाले ती वेगळ्याच गोष्टीने. आपल्याकडे कोकणात भाताचं वेळापत्रक पाऊस लिहितो. मृगात पेरणी, आषाढात लावणी, दसरा-दिवाळीच्या सुमाराला कापणी, मग सगळी शेतं एकदम रिकामी. इथे मेरापी ज्वालामुखीच्या उतारावरून पाणी बारा महिने उतरतं आणि वर्षाला दोन, कुठे कुठे तीन पिकं निघतात. शेजाऱ्यापाजाऱ्यांनी एकाच दिवशी लावलं पाहिजे असं काही नाही. म्हणून एका खाचरात गुडघाभर रोपं, त्याच्या बाजूला चिखलणी, पलीकडे पोटरीत आलेलं पीक, आणि त्याला लागून ताडपत्रीवर झोडणी. झोडून झालेल्या रानात एक माणूस लांब काठीने शंभरेक बदकं हाकत होता, सांडलेले दाणे टिपायला. तासाभरात मी जून ते नोव्हेंबर सायकलवरून पार केला. लहानपणी पोटमाळ्यावरून हे सहा महिने किती लांब वाटायचे!

मेरापी सकाळी स्पष्ट दिसतो, नऊनंतर ढगात जातो. 'आपी' म्हणजे आग. नाव नुसतं शोभेचं नाही. २०१० मध्ये तो फुटला तेव्हा साडेतीनशेच्या आसपास माणसं गेली. आणि त्याच राखेची ही काळीभोर माती, जिच्यात काडी खोचली तरी रुजेल. मास त्याच्याकडे बोट दाखवताना घरातल्या तापट आजोबांबद्दल बोलावं तसं बोलत होता.

रस्त्याचा बराच भाग एका कालव्याच्या कडेने होता. सेलोकान मातारम. सेलोकान म्हणजे पाट, पण हा पाट तीसेक किलोमीटरचा, पश्चिमेच्या प्रोगो नदीपासून पूर्वेच्या ओपाक नदीपर्यंत. दुसऱ्या महायुद्धात जपान्यांनी जावा घेतलं आणि गावोगावची माणसं वेठीला धरून दूरदूर मजुरीला न्यायला सुरुवात केली. गेलेले पुष्कळसे परतलेच नाहीत. तेव्हा जोगजाचे सुलतान नववे हामेंगकुबुवोनो यांनी जपान्यांच्या गळी उतरवलं की इथे पाणी कमी आहे, कालवा खणू द्या, धान्य वाढेल, तुमचंही पोट भरेल. माणसं आपल्याच गावात खणत राहिली. ही हकीकत तिथे सगळे सांगतात, आणि सांगताना पाण्याकडे बघतात. मला इतिहासातल्या लढायांपेक्षा अशा लबाड्या जास्त आवडतात. कालव्यात दोन म्हातारे गळ टाकून बसले होते. त्यांच्या जवळ येताच मास सायकल हळू करून, किंचित वाकून "मोंग्गो" म्हणाला. त्यांनीही "मोंग्गो" म्हटलं. याचं भाषांतर होत नाही, पण आपल्या ओसरीवरून जाताना "काय अण्णा, बसलात?" म्हणतात ना, तेच. उत्तराची अपेक्षा नाही, पण न विचारता पुढे गेलं तर बोलणी खावी लागतात. त्यानंतर आम्ही सहाही जण प्रत्येकाला मोंग्गो म्हणत सुटलो, एका बैलालासुद्धा.

कालासान गावात एक जुनं देऊळ रस्त्याला लागूनच उभं आहे, तारा या बौद्ध देवीचं. त्याचा शिलालेख संस्कृतात आहे, नागरी वळणाच्या लिपीत, शके ७००. म्हणजे इसवी सन ७७८. राजाने कलस नावाचं गाव भिक्षुसंघाला दान दिलं, असा मजकूर. ज्ञानेश्वरी शके १२१२ची हे शाळेत घोकलेलं, त्यामुळे शके ७०० ऐकून मी उगीच ताठ झाले, जणू माझ्याच पणजोबांनी दान दिलं होतं. गावाचं नाव बाराशे वर्षांत एका अक्षराने हललंय. तिथे गावाला म्हणतातच मुळी 'देसा'. कोकणात आम्ही घाटावरच्या मुलखाला 'देश' म्हणतो, दिल्लीत सगळ्या भारताला म्हणतात, आणि जावात देश चार गल्ल्या नि एका वडापाशी संपतो. मला तो आकार बरा वाटला.

एका घरी नाश्ता होता. वाफाळता गोड चहा, केळ्याची भजी आणि क्लेपोन. चिकट तांदळाच्या पिठीची हिरवी गोळी, वरून ओलं खोबरं, आणि चावली की आत पातळ झालेला माडाचा गूळ. गुळाला नाव 'गुला जावा'. मोदक करायचा कंटाळा आला तर माणूस जे करेल ते. मी सात खाल्ले. नवऱ्याने मोजले.

त्या घराच्या कुडाला तळहाताएवढं एक लाकडी काहीतरी टांगलेलं होतं, त्यात बारीक पातं बसवलेलं. 'आनी-आनी'. पूर्वी बायका याने भाताची एकेक लोंबी खुडायच्या. पातं मुठीत लपलेलं राहतं. देवी श्री, म्हणजे साळीची लक्ष्मी, विळा बघून घाबरेल म्हणून. मग सत्तरच्या दशकात बुटकी, भरघोस, एकदम पिकणारी वाणं आली, आणि त्यांच्याबरोबर विळाही. देवीला बहुधा सवय झाली. मास म्हणाला, आजी वापरायची, आईने नाही. त्याने ते पुन्हा खिळ्याला अडकवलं.

तिथेच त्याने आम्हाला शिकवणी दिली. शेतात उभं असतं ते 'पादी'. झोडून टरफलासकट मिळतं ते 'गाबाह'. कांडलं की 'बेरास'. शिजवलं की 'नासी'. डच बाई म्हणाल्या, आमच्याकडे सगळ्याला एकच शब्द. मास जिंकल्यासारखा हसला आणि माझ्याकडे वळला. मी बोटं मोजली. शेतात भात. झोडलं की भात. कांडलं की तांदूळ. शिजवला की पुन्हा भात. सांगता सांगता माझ्याच लक्षात आलं की शेतातलं असतं 'ते भात' आणि ताटातला असतो 'तो भात'. भात पिकतं, आणि भात शिजतो. मधल्या वाटेत कुठेतरी, कांडपात म्हणा, त्याचं लिंग बदलतं. आयुष्यभर दोन्ही बोलत आले नि कधी कानाला जाणवलं नाही. हे इंग्रजीत समजावण्याचा मी प्रयत्न केला. डच गृहस्थांनी विनम्रपणे आणखी एक भजं घेतलं.

पुढे एका बांधावरून प्रांबानानची शिखरं दिसली, भाताच्या शेंड्यांवर ठेवल्यासारखी. त्या देवळांची एक गोष्ट आहे. राजकन्येने नको असलेल्या वराला अट घातली, एका रात्रीत हजार देवळं बांध. तो बांधत सुटला. नऊशे नव्व्याण्णव झाली तशी तिने गावातल्या बायका उठवल्या आणि उखळात भात कांडायला लावलं. कोंबड्यांना वाटलं उजाडलं, ते आरवले, झालं. (चिडून त्याने तिचाच दगड केला, ते वेगळं.) म्हणजे पहाट झाली हे कोंबडा ठरवत नव्हता, बायकांचं मुसळ ठरवत होतं. आमच्या आजीच्या घरात ते काम जात्याने केलं असतं.

आणि मग लावणी. पाच-सहा बायका, डोक्यावर बांबूच्या निमुळत्या टोप्या, ओळीने वाकलेल्या. बांधाकडे तोंड, पाठ मोकळ्या चिखलाकडे. लावत लावत मागे सरकायचं. या कामाला जावात 'तांदुर' म्हणतात, आणि मासने त्याची फोड सांगितली, 'नाता कारो मुंदुर', मांडत मांडत मागे जाणं. व्याकरणवाल्यांना पटणार नाही, पण चिखलात उभं राहिल्यावर पटते. पुढे चाललात तर आपलंच लावलेलं तुडवाल.

कोपऱ्यातला एक तुकडा पाहुण्यांसाठी होता. मी पॅन्ट दुमडली आणि उतरले. थंडगार चिखल बोटांमधून वर आला आणि मी एकदम आठ वर्षांची होऊन पोटमाळा शोधायला लागले. एका म्हाताऱ्या बाईंनी हातात रोपांची जुडी दिली, अंगठा नि दोन बोटांनी कसं खोचायचं ते दाखवलं. डच बाईंची ओळ आखल्यासारखी सरळ आली. माझी चिपळूणच्या घाटरस्त्यासारखी. त्यात तीन रोपं तरंगायला लागली. मला वाटलं होतं, आपण गेल्यावर हे लोक गुपचूप सगळं उपटून नीट लावत असतील. तेवढं थांबायची त्यांना गरज वाटली नाही. मी अजून लावतच होते, आणि आजी माझ्या समोरून, मी सोडलेली ओळ उपटत, पुन्हा खोचत येत होत्या. वर बघून गोड हसल्या. "मोंग्गो," मी म्हटलं. दुसरं काय म्हणणार?

संध्याकाळी मामाला फोटो पाठवले. मेरापी, देऊळ, बदकं, चिखलात वाकलेली मी. वाटलं, निदान हसेल तरी. बऱ्याच वेळाने उत्तर आलं: "एका ठिकाणी काड्या किती लावतात? दोन की चार? आणि रोप किती दिवसांचं?"

विचारलंच नव्हतं. मी फोटो मोठा केला, आणखी मोठा केला. आजींच्या बोटांच्या चिमटीत काड्या होत्या खऱ्या, पण त्यांवर चिखल होता, आणि त्यापुढे माझाच अंगठा.

"तीन," मी लिहिलं. मग ते खोडलं आणि मासचा नंबर शोधायला लागले.