टेबलांमधून मंचापर्यंत

गोल्डन ग्लोब्ज म्हणजे हॉलिवूडचे सिनेमा आणि टीव्हीचे पुरस्कार. तिथे खरी कसरत मंचावर पोचण्याची असते. भाषण त्यामानाने सोपं. ऑस्करला नाट्यगृहासारख्या रांगा असतात. नाव पुकारलं की उठायचं आणि सरळ चालू लागायचं. इथे पंगत आहे. कॅलिफोर्नियातल्या बेव्हर्ली हिल्टन हॉटेलच्या बॉलरूममध्ये १९६१ पासून हा सोहळा भरतोय, आणि गोल टेबलं इतकी खेटून मांडलेली असतात की दोन खुर्च्यांच्या पाठींमधून आडवं होऊन निघावं लागतं. त्यात पायघोळ गाऊन. सिनेमावाले मंचाजवळ, टीव्हीवाले बहुतेक मागे, म्हणून मालिकावाल्यांची पायपीट जास्त. ग्लोब्जनी १९५६ मध्ये टीव्हीला पुरस्कार द्यायला घेतले. बरी जागा द्यायचं तेवढं राहून गेलं.

प्रक्षेपण तीन तासांचं. २०२५ मध्ये पुरस्कार होते २७. भागाकार केला तर प्रत्येकी सात मिनिटंही येत नाहीत. त्यातून जाहिराती, निवेदिकेचे विनोद आणि नामांकनांची यादी वजा करा. उरलेल्यात चालणंही धरलेलं असतं. मागच्या टेबलावरचा विजेता वाटेत चार मिठ्या मारत निघाला, की तो वेळ भाषणातून कापला जातो आणि ‘आवरा आता’ म्हणून वाद्यं वाजू लागतात.

जेवण मात्र प्रक्षेपणाआधीच उरकतात. प्रक्षेपण सुरू होतं न्यूयॉर्कच्या रात्री आठला, तेव्हा कॅलिफोर्नियात जेमतेम पाच वाजलेले. म्हणजे मंडळी जेवायला बसतात ती भर दुपारी. शॅम्पेन मग पुढेही चालूच राहते, आणि व्हायचं ते होतं. उठायची सोय फक्त जाहिरातींच्या वेळी, आणि तेव्हा सगळेच उठतात. १९९८ मध्ये अभिनेत्री क्रिस्टीन लाहटीचं नाव पुकारलं तेव्हा ती स्वच्छतागृहात होती. विनोदी नट रॉबिन विल्यम्सने मंचावर चढून वेळ मारून नेली. २००१ मध्ये अभिनेत्री रेने झेलवेगरचंही तेच झालं. २०१४ मध्ये अभिनेत्री एमा थॉम्प्सन हातात मार्टिनीचा ग्लास आणि उंच टाचांचे बूट घेऊन अनवाणी आली. पुरस्कार द्यायला आली होती म्हणून निभावलं. घ्यायचा असता तर धरला कुठे असता?

२००८ मध्ये हॉलिवूडच्या पटकथालेखकांचा संप होता. नटमंडळी यायला तयार होईनात, म्हणून जेवणच रद्द झालं आणि पत्रकार परिषदेत नावं वाचून दाखवली. तासाभराच्या आत सगळं आटोपलं. पुरस्कारांना लागतो तो एवढाच वेळ, बाकीचा टेबलांचा.

आपल्याकडे हा सोहळा सोमवारी सकाळी साडेसहाला सुरू होतो. जानेवारी २०२५ मध्ये दिग्दर्शिका पायल कपाडियाच्या ‘ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट’ला दिग्दर्शनासह दोन नामांकनं होती, शिवाय त्यात आपली छाया कदम, त्यामुळे गजर लावायला निमित्त होतं. दोन्ही पुरस्कार हुकले. पुढच्या वेळी बघाल तर जाहिरातींनंतरच्या पहिल्या पुरस्कारावर नजर ठेवा. खुर्ची रिकामी सापडायची शक्यता तेव्हाच सगळ्यात जास्त.