होम लोनचा हप्ता बघू नका, एकूण व्याज बघा

रत्नागिरीत सध्या ज्याच्याशी बोलावं तो फ्लॅट नाहीतर गावच्या घराचं लोन काढतोय, आणि सगळ्यांचा प्रश्न एकच, हप्ता किती बसेल? मला याची खरंच काळजी वाटते. ३० लाख, ८.५ टक्के, २० वर्षं धरा. ईएमआय साधारण २६,०३५. म्हणजे एकूण सुमारे ६२.५ लाख भरायचे, त्यात साडेबत्तीस लाख नुसतं व्याज! पहिल्या हप्त्यातले २१,२५० व्याजात जातात, मुद्दल फिटतं जेमतेम ४,७८५.

आता हप्ता कमी हवा म्हणून ३० वर्षं केलीत तर महिन्याला तीनेक हजार वाचतात पण व्याज जातं ५३ लाखांवर, वीस लाख जास्त, विचार करा.

आणि रेट वाढला की बरेचदा हप्ता तोच राहतो, मुदत गुपचूप लांबते. २०२३ पासून रिझर्व्ह बँकेने सांगितलंय की हप्ता वाढवायचा की मुदत हे ग्राहकाला विचारायला हवं, तेव्हा बँकेत जाऊन विचाराच.

आपल्याकडे आंब्याचे पैसे मे-जूनला एकदम हातात येतात ना, त्यातले थोडे लोनमध्ये टाका, फ्लोटिंग रेटच्या, म्हणजे व्याजदर बदलत राहणाऱ्या घरकर्जाला प्रीपेमेंटचा, म्हणजे मुदतीआधी पैसे भरल्याचा दंड नाही. सुरुवातीच्या वर्षांत टाकलेत तर फायदा सगळ्यात जास्त. फक्त खाऱ्या हवेने ग्रिल गंजतात, पावसाआधी गळती काढायची असते, तेवढे बाजूला ठेवून मगच भरा.