तिसऱ्या ट्रेला कोंब फुटले, आणि एकाने बिब्बा घातला

एप्रिलमध्ये इथेच ‘तिसऱ्या ट्रेत सुमॅकच्या अकरा बिया उगवल्या’ अशी बातमी मी पेढे वाटल्यासारखी दिली होती. दुरुस्ती करते: दहा. अकरावं रोप अंगावर पुरळ उठवणाऱ्या पॉयझन आयव्हीचं निघालं, आणि ते डोळ्यांना कळायच्या आत डाव्या मनगटाला कळलं. सध्या एका हाताने टाइप करतेय, ऱ्हस्व-दीर्घ सांभाळून घ्या.

ते रामायण नंतर. आधी बिया, कारण दोन वर्षं माझं डोकं त्यांनीच खाल्लंय.

नव्याने आलेल्यांसाठी थोडक्यात: रूस ॲरोमॅटिका, म्हणजे फ्रेग्रंट सुमॅक. आमच्या अमेरिकेतल्या मिझुरी राज्यात, ओझार्कच्या डोंगराळ भागातल्या चुनखडीच्या उघड्या उतारांवर हे पानगळीचं झुडूप कुणी न विचारता वाढतं. कंबरेएवढं, फार तर डोक्याएवढं. कूळ आंबा, काजू, चारोळी आणि बिब्ब्याचं. हे शेवटचं नाव लक्षात ठेवा.

ज्वारीच्या दाण्याएवढी बी, पण हट्ट नारळाचा. कवच पाणी आत घेत नाही. पाणी आत गेलं तरी आतला गर्भ दोन-तीन महिने ओली थंडी सोसल्याशिवाय हलत नाही. माझा पहिला ट्रे (२०२३) इथेच मेला. मी बिया धुतल्या, ओल्या वाळूत घालून नव्वद दिवस फ्रिजमध्ये ठेवल्या आणि स्वतःवर खूश झाले. पण कवच शाबूत होतं. बाहेर ओली वाळू आणि आत ठणठणीत कोरडी बी, मग त्या थंडीचा उपयोग काय? मी फक्त बिया साठवत होते. उगवण शून्य.

दुसरा ट्रे (२०२४) उकळत्या पाण्याचा. याच्या भावंडाला, स्मूथ सुमॅकला, हा उपाय लागू पडतो, म्हणून इथेही करून पाहिला. ओतलं, रात्रभर ठेवलं, मग फ्रिज, मग माती. पुन्हा शून्य. चिडून एक बी अडकित्त्यात धरून फोडली, तर आत पांढराशुभ्र, अगदी निरोगी गर. बी मेली नव्हती, मला भीक घालत नव्हती.

मग मिलिग्रॅम दाखवणारा सोनाराचा छोटा काटा घेतला. या छंदात मी केलेला सगळ्यात शहाणा खर्च हाच. बी पाणी प्याली की नाही हे डोळ्यांना दिसत नाही, वजनाला दिसतं. उकळतं पाणी ओतलेल्या चाळीस बिया भिजण्याआधी ४०२ मिलिग्रॅम, अठ्ठेचाळीस तासांनी ४०५. म्हणजे नुसत्या अंगाने ओल्या झाल्या. एवढं आधी कळतं तर ट्रेमागे सहा-सहा महिने वाट पाहिली नसती.

रोपवाटिकावाले गाढ्या सल्फ्युरिक ॲसिडमध्ये तासभर बुडवतात. जिथे पोह्यांना फोडणी घालते तिथे ते येणार नाही, हा विषय माझ्यापुरता बंद. बरणीला आतून पॉलिशपेपर लावून बिया खुळखुळवायचा उपाय बरेच जण सांगतात. मी १२० नंबरचा कागद लावून पंधरा मिनिटं खुळखुळवलं. बिया छान चकचकीत झाल्या, मोत्यांसारख्या. वजन पुन्हा जिथल्या तिथे.

शेवटी एकेक बी नेलफाइलने घासायला बसले. चिमट्यात धरली की टुणकन उडते. दोन उडाल्या, त्यातली एक अजून सापडायची आहे (नवरा वरणात शोधून खातो). तिसऱ्या संध्याकाळी पोळ्या लाटताना सुचलं: घट्ट मळलेल्या कणकेची गोळी करायची, बी अर्धी तिच्यात दाबायची, वरचा अर्धा भाग घासायचा. हलत नाही, उडत नाही, बोट सोलत नाही. तपकिरी रंग जाऊन फिकट ठिपका दिसला की थांबायचं. एका संध्याकाळी वीस बिया आरामात होतात. नंतर कणीक नीट धुऊन काढा, नाहीतर बुरशी येते.

चाळीस बिया, ३९६ मिलिग्रॅम. अठ्ठेचाळीस तास साध्या पाण्यात. ५३१! रात्री साडेअकराला काट्यावरचा आकडा बघून मी नवऱ्याला उठवलं. त्याची प्रतिक्रिया इथे देण्यासारखी नाही.

मग इडलीच्या पिठामागे बारा आठवडे, ४ अंशांवर, ओल्या वाळूत. मार्चअखेर पेरल्या, एप्रिलमध्ये पहिला कोंब. चाळीसपैकी दहा म्हणजे पाव, हे मलाही कळतं. पण शून्य, शून्य, दहा या रांगेत दहा फार देखणं दिसतं.

पेरण्याआधी बिया पाण्यात टाकून तरंगणाऱ्या बाजूला काढा, हे विसरू नका. या झुडपाला पोकळ बिया बऱ्याच धरतात. मी तुलनेसाठी टपालाने एक पाकीट मागवलं होतं, साठ बियांचं. चौतीस तरंगल्या. दुकानाचं नाव घेत नाही, पण पाकिटावरचा फोटो मात्र झकास होता. शिवाय त्या बिया पश्चिमेकडच्या त्रिलोबाटाच्या असाव्यात असा मला संशय आहे. ती याची जवळची बहीण, पानं लहान आणि वास उग्र. म्हणून त्यांचा ट्रे वेगळा ठेवलाय.

आता मनगट.

ट्रेमध्ये मी ओकखालचा कुजलेला पाला मिसळला होता. पॉयझन आयव्हीची पांढुरकी फळं पक्षी खातात आणि बिया कुठेही टाकतात, म्हणजे त्या पाल्यातूनच एक पाहुणी आली असणार. मेअखेर रोपांना तीन-तीन पर्णिकांची पानं आली. अकराव्याचं पान जरा गुळगुळीत वाटलं. आता फ्रेग्रंट सुमॅकच्या नावातच वास आहे, तर शंका फिटवायला मी काय करावं? पान चुरगळून नाकाला लावलं. नाकाला काहीच कळलं नाही. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मनगटाला कळलं.

व्हिडिओ कॉलवर आईने एक नजर टाकली आणि म्हणाली, “अगं, हा तर बिब्बा उतलाय!” तिने आयुष्यात पॉयझन आयव्ही पाहिलेली नाही, पण निदान बरोबर. एकच कूळ, आणि अंगावर उठवणारी तेलंही एकमेकांची भावंडं. खोबरेल लाव म्हणाली. मी आधी साबणाने दोनदा खसखसून धुतलं, चष्मा आणि फोनसुद्धा, कारण ते तेल वस्तूंवर चिकटून राहतं. नाकावर काही उठलं नाही, हे पूर्वजांचं पुण्य.

इथल्या मुलांना शिकवतात की तीन पानं दिसली की लांब राहा. तेवढंच पाळलं तर आपलं झुडूपही उपटून टाकाल. पळसाला पानं तीनच हे खरं, पण मधल्या पानाचा देठ बघा. बेलाचं त्रिदळ आठवा: मधलं पान लांब देठावर पुढे आलेलं. पॉयझन आयव्ही तशीच, बेलासारखी. फ्रेग्रंट सुमॅकमध्ये मधल्या पर्णिकेला देठ जवळजवळ नसतोच, तिन्ही एकाच ठिकाणाहून फुटल्यासारख्या. यासाठी हात लावावा लागत नाही. माझं अकरावं रोप बेल होतं, मी बघितलंच नाही.

मोठ्या झुडपावर तर आणखी सोपं. आपल्या सुमॅकची फळं लाल, लवदार आणि फांदीच्या टोकाला. पॉयझन आयव्हीची पांढुरकी, पानांच्या बगलेत. आपली पिवळी फुलं पानं यायच्या आधी, मार्च-एप्रिलमध्ये, तिची पानांनंतर. तिचा वेल झाडावर चढला की खोडाला केसाळ मुळं फुटतात, आपलं झुडूप असलं काही करत नाही. एवढं जुळलं की मगच पान चुरगळा. दहातल्या सगळ्यात मोठ्या रोपाचं मी काल चुरगळलं: कैरी देठापासून तोडताना येतो तो चिकाचा वास, वर लिंबाची साल. दोन वर्षांचा शीण गेला.

पुढचा बेत असा होता की या वर्षी शंभर बिया कणकेत रोवायच्या. पण हे लिहिता लिहिता कुंपणाजवळच्या जुन्या झुडपाकडे लक्ष गेलं. त्याच्या खालच्या दोन फांद्या जमिनीला टेकल्यात, आणि टेकल्या जागी हे झुडूप आपणहून मुळं धरतं. म्हणजे दाब कलम तर ते स्वतःच करत बसलंय, आणि मी इकडे नेलफाइल घेऊन!

तरी बिया सोडणार नाही. यात बहुधा नर आणि मादी झुडपं वेगळी असतात. माझं जुनं मादी आहे, त्याचं कलम केलं तर आणखी एक मादीच मिळणार. पार्किंगच्या कडेला सगळीकडे दिसते ती ‘ग्रो-लो’ जातही मादीच. दीड-दोन फूट उंच, पसरट, उतारावरची माती धरायला उत्तम. पण सगळी एकाच रोपाची कलमं, त्यामुळे नर हवा असेल तर तिथे शोधू नका. माझ्याकडे फळं विरळ धरतात ती याचमुळे, असा माझा अंदाज. दहा रोपांत दोन-तीन नर निघाले तरी पुरे. नरांचे फुलांचे तुरे उन्हाळा संपताना तयार होतात आणि हिवाळाभर उघड्या फांद्यांवर राहतात, तेव्हा जानेवारीत ओळखता येतात. माझी रोपं तुऱ्यांवर यायला वेळ आहे. तोवर ग्रे समिटच्या शॉ नेचर रिझर्व्हमध्ये हिवाळ्यात एक फेरी मारून डोळे तयार करते. फक्त डोळे, हात खिशात.

म्हणजे आता बेत असा: शंभरऐवजी चाळीस बिया, दोन्ही टेकलेल्या फांद्यांवर माती आणि एकेक वीट, आणि दहा रोपं खोल नळीसारख्या कुंड्यांत. सोटमूळ उथळ ट्रेच्या तळाशी वळायला लागलंय, तेव्हा हे काम याच आठवड्यात.

अकरावं रोप दुहेरी पिशवीत घालून कचऱ्यात गेलं. जाळू नका हं, धूरही बाधतो. त्याच्या रिकाम्या जागी नवऱ्याने आईस्क्रीमची काडी रोवून ठेवली आहे: ‘बिब्बा, २०२५’.