'लव्ह' (१९२७)ची संगीतसाथ : शेवट दोन, धून एकच

एडमंड गोल्डिंग यांच्या 'लव्ह' या मूकपटासाठी पेटी आणि व्हायोलिन यांची साथ बांधण्याचे काम आता घोड्यांच्या शर्यतीपर्यंत येऊन पोहोचले आहे. टॉलस्टॉयच्या 'अ‍ॅना कॅरेनिना'वरून एमजीएम या हॉलिवूडच्या चित्रसंस्थेने काढलेल्या या चित्रपटात ग्रेटा गार्बो कॅरेनिनची पत्नी अ‍ॅना हिच्या आणि जॉन गिल्बर्ट तिचा प्रियकर, लष्करी अधिकारी व्रॉन्स्की याच्या भूमिकेत आहेत. हिमवादळातील त्यांच्या पहिल्या भेटीला मंद्र षड्जाखेरीज (खालच्या सप्तकातल्या 'सा'खेरीज) काहीही वाजवलेले नाही. अ‍ॅनाच्या चेहऱ्यावरची जाळी दूर होण्यापूर्वीच प्रेमाची चाल सुरू करणे मला आगाऊपणाचे वाटते.

शर्यतीला द्रुत लय आपसूकच आली. मात्र व्रॉन्स्की घोड्यावरून पडतो आणि उमरावांच्या त्या जमावात अ‍ॅनाला स्वतःला आवरता येत नाही, त्या क्षणी दोन्ही वाद्ये एकदम थांबवली आहेत, कारण तिची अब्रू जाते ती त्या न ऐकू येणाऱ्या किंकाळीने, आणि तिच्यावर आपण सूर चढवला तर ती झाकली जाते.

सर्वाधिक वेळ अ‍ॅनाच्या मुलाच्या धुनेने घेतला. मुलाच्या वाढदिवशी अ‍ॅना चोरून घरी येते, तो प्रसंग गार्बो आणि मुलाच्या भूमिकेतील फिलिप डी लेसी यांनी इतक्या उत्कटतेने केला आहे की प्रेमिकांचे प्रसंग त्यापुढे काहीसे बेगडी वाटतात (गिल्बर्टच्या चाहत्यांनी क्षमा करावी). प्रतिष्ठित घरातील स्त्रीला समाज काय गमवायला लावतो, ते इथे दिसते. म्हणून चार स्वरांची ही साधी धून मी संपूर्ण साथीच्या मध्यभागी ठेवली आहे.

या निर्णयाने दोन शेवटांचा पेचही सुटला. अमेरिकेतील चित्रपटगृहांना सुखान्ताचाही पर्याय दिलेला होता : एका शेवटात अ‍ॅना आगगाडीखाली जीव देते, तर दुसऱ्यात कॅरेनिनच्या मृत्यूनंतर काही वर्षांनी मुलाच्या लष्करी शाळेत तिची आणि व्रॉन्स्कीची पुन्हा भेट होते. सुखान्त प्रेमाच्या चालीवर उभा केला की तो ठिगळ लावल्यासारखा दिसतो. मुलाच्या धुनेवर मात्र तो बराच सुसह्य होतो. दुःखान्ताला तीच धून विलंबित लयीत, एकट्या व्हायोलिनवर घेतली आहे, आणि मैफिलीच्या सवयीने होणारा भैरवीचा मोह कटाक्षाने टाळला आहे.

आता व्रॉन्स्कीचे लष्करातील स्थान वाचावे म्हणून अ‍ॅना ग्रँड ड्यूककडे रदबदली करते, तो प्रसंग बांधायचा आहे. तिथे पेटी अजिबात नको, असे सध्या तरी माझे मत आहे.