रेनहिल्देबद्दल, आणि एका कोटाबद्दल

एप्रिल २०२२ मधली गोष्ट. अँटवर्पच्या लायब्ररीत आमचं डच बोलायच्या सरावाचं टेबल असायचं, तिथे त्या दिवशी कुणालाच व्याकरणात रस नव्हता. मधोमध पेपर पसरलेला, त्यात एका वयस्कर बाईंचा फोटो, आणि एरवी सगळ्यांच्या चुका काढणारी आमच्या टेबलावरची साठीची बाई (मी मनातल्या मनात तिला मावशी म्हणते) एकदम गप्प. 'रेनहिल्दे गेली' एवढंच म्हणाली. मी विचारलं कोण रेनहिल्दे, तर शेजारचा म्हणाला, अगं यान देक्लेरची बहीण. त्यावर मावशी अशी उसळली की विचारू नका. आयुष्यभर काम केलं तिने, आणि गेल्यावरही तुम्ही तिला कुणाची तरी बहीणच म्हणणार का!

तर शेजाऱ्याचाही तसा दोष नाही. यान देक्लेर म्हणजे फ्लँडर्समधला, बेल्जियमच्या डच बोलणाऱ्या भागातला, फार मोठा नट. १९९२ च्या 'दान्स' सिनेमात आल्स्टच्या गिरणी कामगारांची बाजू घेणारा पाद्री त्यानेच केला, तो सिनेमा ऑस्करच्या नॉमिनेशनपर्यंत गेला, आणि पुढे 'काराक्टर' या डच सिनेमात तो होता त्याला तर ऑस्कर मिळालंच. दुसरा भाऊ दिर्क, तोही नटच. अशा घरात मुलीने नाटकात जायचं म्हणजे आयुष्यभर कुणाच्या तरी सावलीत उभं राहायचं. रेनहिल्दे देक्लेरचा जन्म १९४८ चा, शिक्षण अँटवर्पच्या स्टुडिओ हेरमान टेर्लिंक या अभिनयाच्या शाळेत. फ्लँडर्समधल्या नटनट्यांची यादी काढली तर निम्मे लोक याच शाळेतून बाहेर पडलेले निघतील असं मला वाटतं.

पण मला तिच्या आयुष्यातला इंटरेस्टिंग भाग वाटतो तो त्यानंतरचा, म्हणजे इंटरनॅशनाल न्यूवे सेने ही नाटक कंपनी. सत्तरच्या दशकात हे डाव्या विचारांचे तरुण नट एकत्र आले, साहेब-मेमसाहेब छान कपडे घालून येतात ते थिएटर आम्हाला नको, आम्ही कामगारांकडे जाणार, अशी त्यांची भूमिका. १९७२ मध्ये त्यांनी दारिओ फो या इटालियन नाटककाराचं 'मिस्तेरो बुफो' डचमध्ये केलं, दिग्दर्शक आर्तुरो कोर्सो. मूळ नाटक एकट्या नटाने करायचं, यांनी त्याचं अख्खं टोळकं केलं, गाणीबिणी घालून. त्यातला लाझारसचा प्रसंग मला फार आवडतो. येशू मेलेल्या माणसाला जिवंत करणार, पण नाटक येशूकडे बघतच नाही, ते बघतं स्मशानात जमलेल्या गर्दीकडे. कुणी भाड्याने खुर्च्या देतंय, कुणी मासे विकतंय, मागचे ओरडतायत ढकलू नका, आणि चमत्कार झाल्यावर सगळे तोंडं वासून बघत असताना कुणीतरी कुणाचातरी खिसा मारलेला. म्हणजे देवाच्या गोष्टीत हीरो कोण, तर बघे!

रेनहिल्दे या कंपनीत वाढलेली नटी. पुढे नाटकं, टीव्ही, सिनेमा हे सगळं तिने केलं, त्याची यादी मी इथे देत बसत नाही, ती कुठेही मिळेल. माझ्या मते खरी गोष्ट ती साठीला टेकली तेव्हा सुरू होते. लोक त्या वयात आठवणी लिहायला घेतात, हिने २००७ मध्ये नवीन नाटक कंपनी काढली, आणि नट कोण, तर गरिबीत जगणारे, कर्जात बुडालेले, काम नसलेले, कधी घरही नसलेले, मानसिक त्रास असलेले लोक. नाव ठेवलं टुट्टी फ्रातेल्ली, म्हणजे इटालियनमध्ये 'सगळे भाऊ'. हे शब्द जुने आहेत. १८५९ मध्ये इटलीतल्या सोल्फेरिनोच्या लढाईनंतर कास्तिल्योने गावातल्या बायका जखमी सैनिकांची सेवा करताना हा आपला तो शत्रूचा असं काही न बघता हेच म्हणत होत्या, आणि ते बघून हेन्री द्युनांच्या डोक्यात रेड क्रॉसची कल्पना आली.

कंपनीची जागा लांगे गास्तहाउसस्ट्राटवर. गास्तहाउस म्हणजे जुन्या काळचं इस्पितळ. याच रस्त्यावर मागदनहाउस आहे, पूर्वी तिथे अनाथ मुलींचा आश्रम होता, नंतर त्याचं म्युझियम झालं. मी तिथे गेले होते तेव्हा बाकीची पेंटिंगं सोडून त्या मुलींच्या मातीच्या वाडग्यांपाशीच उभी राहिले. पेज खायचे वाडगे, रंगवलेले, ओळीने मांडलेले. शतकानुशतकं या रस्त्यावर गरिबांना काहीतरी वाढलं गेलंय, आणि त्यांनी ते खाली मान घालून घेतलंय. त्याच रस्त्यावर एका बाईने गरिबांना म्हटलं मान वर करा, लायटीकडे बघा, आणि मागच्या रांगेपर्यंत ऐकू गेलं पाहिजे. (हे तिचे शब्द नाहीत हां, माझी कल्पना. पण कुठलाही तालीम घेणारा माणूस हेच म्हणतो.)

आता तुम्ही म्हणाल गरिबांसाठी स्वस्त तिकिटं असतातच की. असतात ना. बेल्जियमच्या राज्यघटनेत १९९४ पासून २३ वं कलम आहे, त्यात घर, काम, आरोग्य यांच्या बरोबरीने सांस्कृतिक विकासाचाही हक्क लिहिलाय. ब्रुसेल्स आणि वालोनियात (बेल्जियमच्या फ्रेंच बोलणाऱ्या भागात) 'आर्टिकल २७' नावाची योजना आहे, त्यात सव्वा युरोत नाटक बघता येतं. फ्लँडर्समध्ये उटपास नावाचं कार्ड आहे, कमी उत्पन्न असेल तर त्यावर सवलत मिळते. मीच एकदा मोठ्या उत्साहात मावशीला म्हटलं होतं, मग जात का नाही तुम्ही? ती म्हणाली, कोट.

मला वाटलं मला डच कळलं नाही. तर तिने उठून खुर्चीवरचा आपला कोट उचलून दाखवला. आतलं अस्तर उसवलेलं, एका बाजूने लोंबतंय. नाटकाला गेलं की दारातच कोट काढून काउंटरवर द्यायचा असतो, तिथली मुलगी तो हँगरला लावताना अस्तर बघणार. एवढंच. सव्वा युरोचा प्रश्नच नव्हता कधी. मला त्या क्षणी इतकी लाज वाटली, कारण असं काही माझ्या डोक्यातच आलं नसतं.

म्हणून मला रेनहिल्देचं डोकं भारी वाटतं. तिने बघ्यांच्या खुर्च्या स्वस्त केल्या नाहीत, तिने बघ्यांनाच स्टेजवर नेलं. लाझारसची गर्दीच म्हणा ना. सत्तरच्या दशकात कामगारांकडे नाटक घेऊन जाणारे नट होते, पण स्टेजवर शेवटी शिकलेले नटच, कामगार समोर बसलेले. २००७ मध्ये हे उलटलं. हा सरळ धागा मी जोडतेय, तिने तो तसा जोडला असेल नसेल, पण मला दिसतो.

फ्लँडर्समध्ये या प्रकाराला 'सोशल-आर्टिस्टिक' काम म्हणतात, २००४ च्या कलेच्या कायद्यात त्याला अधिकृत जागा मिळाली, म्हणजे सरकारी अनुदान मागता येतं. शब्द मला अजिबात आवडत नाही. मध्ये ती जी रेघ आहे ना, तिच्यावरून दोन्हीकडचे लोक भांडत राहतात, कलावाले म्हणतात हे समाजकार्य आहे, समाजकार्यवाले म्हणतात यात नोकरी किती जणांना लागली. नाटक चांगलं झालं का हे कुणीच विचारत नाही! टुट्टी फ्रातेल्लीचा आग्रह तोच होता की हे नाटक आहे, थेरपी नाही. आणि मला तोच खरा आदर वाटतो. बिचारे किती छान करतात असं म्हणून वाजवलेल्या टाळ्या ज्याने एकदा घेतल्यात त्याला विचारा.

हे मी कुठून सांगतेय, तर पुढच्या हिवाळ्यात मावशीने मला तिच्या नाटकाच्या ग्रुपला नेलं. टुट्टी फ्रातेल्ली नव्हे, एक छोटा वस्तीतला ग्रुप, नाव नको. मला प्रॉम्प्टर केलं, कारण माझं डच इतकं हळू होतं की मी एक एक अक्षर वाचायचे, एकही शब्द गाळायचे नाही, नेमकं तेच त्यांना हवं होतं. तिथे कळलं की पाठांतर हा प्रॉब्लेम नसतोच. एक काका सलग दोन तालमींना आलेच नाहीत, फोन बंद. आम्ही चिडलो, सोडून गेले वाटतं. तर त्यांच्या घरी बजेटमीटर, म्हणजे बिल थकलं की बसवतात तो, आधी पैसे भरायचे मग वीज. पैसे संपले, वीज मिळायची ती अगदी जेमतेम, आणि फोनही नेमका बिघडलेला, तालमीची वेळ बदलल्याचा मेसेज पोचलाच नाही. मग दिग्दर्शिकेने साधं काम केलं, वेळ कधीच बदलायची नाही असं ठरवलं. मंगळवार, सात वाजता, काहीही होवो. आणि काकांची दोन वाक्यं कोरसला देऊन टाकली, म्हणजे ते आले तर सगळ्यांबरोबर म्हणतील, नाही आले तरी वाक्य पडणार नाही. मला वाटतं अशा नाटकांत कोरस आणि गाणी इतकी का असतात त्याचं एक उत्तर यात आहे, ती फक्त सुंदर दिसतात म्हणून नसतात.

आणि एक फॉर्म. बेरोजगार भत्ता घेणाऱ्याने फुकट काम केलं तरी आधी कळवावं लागतं, सी-४५-बी नावाचा फॉर्म आहे. मावशीने तो कॉफीच्या टेबलावर आणला, काय काम करणार या रकान्यात तिने आधीच लिहिलं होतं, कॉफी करणे, खुर्च्या लावणे. दिग्दर्शिकेने वाचलं, काही न बोलता कपाटातून दुसरा कोरा फॉर्म काढला आणि पेन तिच्या हातात दिलं. मावशी बराच वेळ त्या रकान्याकडे बघत बसली. मग माझ्याकडे वळली, आणि आयुष्यभर माझ्या चुका काढणारी ही बाई मला हळूच विचारते, 'अ‍ॅक्ट्रेस' लिहिताना सी का के?

मी तरी काय सांगणार, मी मोबाईलवर डिक्शनरी उघडली.