पूर ओसरल्यावर चिखलाला घाई, भिंतीला सबुरी

सांगलीबाहेरची माणसं दोन प्रश्न हमखास विचारतात. कृष्णाकाठच्या पुरात बुडणाऱ्या वस्त्यांत लोक राहतातच कशाला? आणि पाणी उतरल्यावर घर पुन्हा राहण्याजोगं होतं तरी कसं? पहिल्याचं थोडक्यात सांगतो आणि दुसऱ्याचं नीट, कारण कामाला तेच येणार आहे.

या वस्त्या म्हणजे सूर्यवंशी प्लॉट, इनामदार प्लॉट, काकानगर, दत्तनगर, कर्नाळ रस्त्याची बाजू. कृष्णेवरच्या आयर्विन पुलाजवळ 40 फुटांना इशारा पातळी, 45 ला धोका पातळी. पण या भागातल्या सखल गल्ल्यांत 40 व्हायच्या आधीच पाणी शिरतं. 2019 च्या ऑगस्टमध्ये पाणी 57 फुटांवर गेलं होतं, 2021 ला पुन्हा पूर आला. इथं राहतात ते हमाल, हळदीच्या गोदामात जाणाऱ्या बायका, गवंडी, कुपवाडच्या एमआयडीसीत पाळीवर जाणारी पोरं. सायकलवर काम गाठता येतं आणि गुंठेवारीतला तुकडा मजुरीत बसतो. एक गुंठा म्हणजे 1089 चौरस फूट. पुष्कळांच्या वाट्याला अर्धाच येतो. पूररेषा त्यांनाही कळते. रेषेच्या बाहेरचा दर परवडत नाही, एवढंच.

आता घराचं. कोयना धरणातून विसर्ग वाढवल्याची बातमी आली की हातात थोडे तास असतात. तेवढ्यात मेन स्विच बंद करायचा. गॅसचा रेग्युलेटर काढून टाकीला टोपण लावायचं आणि टाकी खिडकीच्या गजाला दोरीनं बांधायची. भरलेली टाकीसुद्धा पाण्यात तरंगते आणि घरभर आपटत फिरते. संडासाच्या भांड्यात चिंध्यांचा बोळा कोंबून वर वाळूचं पोतं ठेवायचं, कारण पाणी दारातून यायच्या आधी तिथून येतं. कागदपत्रं, धान्य, अंथरुणं माळ्यावर. फ्रिजला मात्र माळा नाही. तो रिकामा करून पलंगावर आडवा बांधलेला बरा, नाहीतर तरंगून पालथा पडतो.

वारणा नदी सांगलीजवळ हरिपूरला कृष्णेला मिळते. ती फुगलेली असली की सांगलीतलं पाणी लवकर हलत नाही, म्हणून घरी परतायची तारीख पावसावरून ठरवू नका. पाणी पोटरीपर्यंत उतरलं की मात्र लगेच जा. उतरत्या पाण्यातच खराट्यानं गाळ ढवळायचा आणि पाण्याबरोबर दाराबाहेर काढायचा. हा सगळ्या कामातला सगळ्यात मोलाचा वेळ. पाणी गेल्यावर दोन उन्हं लागली की तोच गाळ फरशीला चिकटून बसतो. मग फावडं, घमेलं आणि टँकरचं पाणी, आणि टँकर तर त्या आठवड्यात सगळ्या गल्लीला हवा असतो. गाळ गटारीच्या चेंबरमध्ये लोटू नका, अख्खी ओळ तुंबते. खिडकीच्या पट्ट्या, कपाटाखालची पोकळी, पाण्याच्या मोटरचा पंखा इथं राहिलेला गाळ महिनाभर वास मारतो. गमबूट घातल्याशिवाय उतरू नका. पायाला चीर असेल तर लेप्टोची, म्हणजे उंदराच्या मुतानं दूषित पाण्यातून होणाऱ्या तापाची, भीती असते. आरोग्य केंद्रातून गोळ्या मिळतात, त्या डॉक्टरांना विचारून घ्या.

झाडू हातात घ्यायच्या आधी एक काम: भिंतीवरची पाण्याची रेघ दिसेल असे प्रत्येक खोलीचे फोटो. तलाठी पंचनाम्याला येईपर्यंत थांबलात तर गाळ वाळतो आणि आधीच साफ केलंत तर भरपाईचा पुरावा जातो. यात भाडेकरूंचे हाल होतात, हे मनापासून सांगावंसं वाटतं. लाईट बिल मालकाच्या नावाचं, घरपट्टी मालकाच्या नावाची, आणि भिजलेला संसार भाडेकरूचा. भाड्याची साधी पावती, त्या पत्त्यावरचं रेशनकार्ड किंवा आधार पावसाळ्याआधीच करून ठेवा.

वीज घाईनं जोडू नका. बुडालेले बोर्ड, बटणं, सॉकेट उन्हात वाळवून पुन्हा लावू नयेत. आत गाळाचा थर राहतो आणि ओल धरतो. पाइपातल्या तारा वायरमनकडून मेगरनं, म्हणजे तारेचं इन्सुलेशन मोजायच्या यंत्रानं, तपासून घ्या. इन्सुलेशन एक मेगाओहमच्या खाली दाखवत असेल तर तार ओढून नवी घाला. नवे बोर्ड पुराच्या रेघेच्या वर.

हौदाचं पाणी पूर्ण उपसून, तळ आणि भिंती घासून मगच भरा. पिण्याच्या पाण्यासाठी हजार लिटरला अडीच ग्रॅम ब्लीचिंग पावडर. पावडर थेट हौदात टाकायची नाही. बादलीत कालवायची, चुना खाली बसू द्यायचा, वरची निवळी ओतायची आणि तासभर थांबायचं. उघड्या पिशवीतल्या जुन्या पावडरीतला क्लोरीन उडून गेलेला असतो.

आता भिंत, जिथं बहुतेकांचे पैसे वाया जातात. पाणी ऑगस्टमध्ये येतं, दिवाळी दोन-अडीच महिन्यांवर असते, आणि घरातल्यांना दिवाळीत डाग दिसायला नको असतात. म्हणून रंग मारला जातो. विटांची भिंत साधारण महिन्याला एक इंच वाळते. नऊ इंची भिंत दोन्ही बाजूंनी मोकळी असली तरी तिला चार-साडेचार महिने हवेत, आणि एका बाजूला शेजाऱ्याची भिंत टेकलेली असेल तर आणखी. वरून ऑइलपेंट मारला की ओल आत कोंडते, क्षार घेऊन बाहेर यायला बघते आणि संक्रांतीच्या सुमारास पापडासारखे पोपडे सुटतात. त्यालाच लोणा लागला म्हणतात. भिंतीवर हात फिरवला तर पांढरी भुकटी लागते. ती कोरड्या ब्रशनं झाडायची, पाण्यानं धुवायची नाही, कारण धुतली की क्षार परत आत जातात. पोकळ वाजणारा गिलावा रेघेच्या फूटभर वरपर्यंत उतरवा आणि विटा उघड्या राहू द्या. भिंत वाळली का हे बघायला फूटभर प्लॅस्टिकचा कागद चारही कडांना चिकटपट्टी लावून एक दिवस ठेवा. आतून थेंब जमले तर थांबायचं. दिवाळीला काहीतरी हवंच असेल तर चुना मारा. चुन्यातून ओल बाहेर पडते.

फरशी शेवटी. इथली काळी माती भिजली की फुगते, वाळली की आकसते, त्यामुळे खालचा भराव बसतो आणि फरशी पोकळ होते. माती पुरती आकसेपर्यंत, म्हणजे उन्हाळ्यापर्यंत, नवी फरशी घालू नका. मग पोकळ वाजणारी तेवढी उचलायची, सहा-सहा इंचांच्या थरात मुरूम भरायचा, प्रत्येक थरावर पाणी मारून धुमसानं ठोकायचं आणि वर फरशी बसवायची. जोतं उंच करणार असाल तर आधी शेजाऱ्यांशी बोला. भराव अंगणभर टाकलात तर तुमच्या दारातलं पावसाचं पाणी त्यांच्या घरात जाणार.